आजीच्या डब्यातले चौदा रुपये

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो. आजी गेल्यावर माळ्यावरचा पितळी डबा उघडला, त्यात चौदा रुपये निघाले: १८८५ चा एक, १९०७ चे दोन, १९१७-१८ चे सात, १९४२ ते ४४ मधले तीन आणि १९४७ चा एक. ते खरे आहेत का, किती किमतीचे आहेत, घासून चकचकीत करावेत का? जुन्या सातबाऱ्यावर पणजोबांच्या नावापुढे ‘५ आणे ४ पै’ असं लिहिलंय, म्हणजे किती? आजींचं माहेर बीडकडचं, सासर नगरकडचं. त्या ‘हाली’ आणि ‘कलदार’ असे दोन रुपये म्हणायच्या, ती काय भानगड? आणि शेवटचं, अमेरिकेतल्या भावाला यातले चार रुपये आठवण म्हणून द्यायचेत, चालेल का?

मी बँकेच्या रोख विभागात एकतीस वर्षं काढली आणि नाण्यांचा नाद त्याच्याही आधीपासूनचा. माझ्याकडे जुना रुपया घेऊन येणारा माणूस बहुतेक वेळा त्यावरच्या राजाबद्दल विचारतो. राजाला काही अर्थ नाही. साल बघायचं आणि वजन करायचं. रुपया हे मुळात वजन होतं, नंतर तो हिस्सा सांगायचं माप झाला, आणि आता नुसता आकडा उरलाय. तुमच्या डब्यात या सगळ्याचा पुरावा एकत्र पडलाय, म्हणून उत्तर जरा लांबणार आहे.

चौदाही नाणी सालाप्रमाणे ओळीने मांडा. फ्रिजच्या दारावरचं एखादं चुंबक काढून प्रत्येकाला लावून बघा. १९४७ चा रुपया टपकन चिकटेल. बाकीचे तेरा चिकटता कामा नयेत. १९४७ चा चिकटला म्हणून घाबरू नका. ‘आमचा रुपया खोटा निघाला’ असं म्हणत लोक हाच वाघाचा रुपया माझ्याकडे घेऊन येतात. एका बाजूला सहावा जॉर्ज, दुसऱ्या बाजूला वाघ. तो खराच आहे, फक्त त्यात चांदी औषधालासुद्धा नाही. शुद्ध निकेल आहे, आणि निकेल चुंबकाला धरतं.

आता वजन. स्वयंपाकघरातला काटा उपयोगाचा नाही, ग्रॅमचा शंभरावा भाग दाखवणारा हवा. ओळखीच्या सराफाकडे दोन मिनिटांचं काम आहे. चौदाही नाणी ११.६६ ग्रॅमच्या आसपास भरली पाहिजेत. खूप फिरलेला, झिजलेला रुपया थोडा कमी भरेल, ते चालतं. पण दहा ग्रॅम किंवा तेरा ग्रॅम भरला तर तो बाजूला काढा. इथे एक गंमत लक्षात घ्या. १८८५ चा रुपया जवळजवळ शुद्ध चांदीचा, १९४२ चा निम्म्या चांदीचा, १९४७ चा निकेलचा. बासष्ट वर्षांत राणी गेली, रुपयावर तीन राजे येऊन गेले, धातू पार बदलला. वजन मात्र तेच ठेवलं. लोकांच्या तळहाताला ज्या वजनाची सवय होती ती मोडायची सरकारची छाती झाली नाही, असं मी म्हणतो.

चांदीचा हिशोब सोपा आहे. १९३९ पर्यंतच्या रुपयात बारा भागांत अकरा भाग चांदी आणि एक भाग हीण. म्हणजे ११.६६ ग्रॅममध्ये १०.६९ ग्रॅम शुद्ध चांदी. १९४० पासून निम्मी चांदी, म्हणजे ५.८३ ग्रॅम. तुमच्याकडे पहिल्या जातीचे दहा आणि दुसऱ्या जातीचे तीन आहेत. दहांची १०७ ग्रॅम, तिघांची साडेसतरा. एकूण सव्वाशे ग्रॅमला किंचित कमी चांदी. त्या दिवशीच्या भावाने गुणा, तुमची खालची किंमत निघाली. त्याच्या आत कुणालाही देऊ नका.

वरची किंमत मात्र तुम्हाला वाटते तेवढी नाही, हेही आताच सांगून टाकतो. १९१७ आणि १९१८ ही पहिल्या महायुद्धाची वर्षं. त्या काळात टांकसाळींनी रुपयांचा पाऊस पाडला. जे घरोघरी आहे त्याला संग्राहक जास्त पैसे देत नाही. १८८५ चा व्हिक्टोरियाचा रुपया जुना आहे, पण दुर्मीळ नाही. जुनं आणि दुर्मीळ यांत फरक आहे, आणि या धंद्यातली निम्मी फसवणूक तो फरक पुसूनच होते. व्हिक्टोरियाच्या १८६२ सालच्या रुपयाचंच बघा. त्यानंतर कितीतरी वर्षं टांकसाळीने नाण्यावर तेच साल कायम ठेवलं, म्हणून ‘१८६२ चा रुपया’ ढिगाने मिळतो.

१९१७ च्या रुपयावर भिंग धरा. पाचव्या जॉर्जच्या झग्यावर, छातीशी, बारीकसा हत्ती दिसेल. १९११ साली हे चित्र पहिल्यांदा आलं तेव्हा हत्तीची सोंड इतकी आखूड निघाली की लोकांना तो डुक्कर वाटला. राजाच्या अंगावर डुक्कर आणि तेच नाणं रोज हातात घ्यायचं, यावर ओरड झाली. नाणी मागे घेतली गेली आणि १९१२ पासून सोंड नीट काढून नवा ठसा आला. १९०७ च्या दोन्ही रुपयांवर सातवा एडवर्ड बोडक्या डोक्याचा आहे, मुकुट नाही. तो तसाच असतो, काही झिजलेलं नाही. १९४२-४४ च्या तिघांची कड बघा: रेघांच्या मधोमध फिरणारी एक खाच दिसेल. चांदी निम्म्यावर आणल्यावर नकली नाणी पाडणाऱ्यांना आवर घालायला ती घातली होती.

आवाजाची परीक्षा आमच्या काळात काउंटरवर रोजची होती. रुपया दगडावर आपटायची गरज नाही. बोटाच्या टोकावर तोलून धरा आणि दुसऱ्या नाण्याच्या कडेने हलकेच टिचकी मारा. १९०७ चा लांबपर्यंत वाजत राहील, १९४३ चा लवकर थांबेल. शिशाचा असेल तर ‘थद’ असा आवाज येऊन संपेल. ‘खणखणीत नाणं’ म्हणतात ते हे.

आणि घासायचं? हात जोडतो, घासू नका. चिंच नको, राख नको, रांगोळी नको, टूथपेस्ट तर अजिबात नको. कॉलेजात असताना मी आमच्या घरातला एक व्हिक्टोरियाचा रुपया चिंचेने लख्ख केला आणि छाती फुगवून मुंबईच्या एका जाणत्या व्यापाऱ्याला दाखवला. त्याने तो उजेडात तिरका धरला, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाला, ‘भांडं छान घासलंय.’ चांदीवर वर्षानुवर्षं चढलेली काळसर, निळसर झाक हाच त्या नाण्याचा जन्मदाखला असतो. ती गेली की बारीक ओरखडे उरतात आणि संग्राहक पाठ फिरवतो. फार तर डिस्टिल्ड पाण्यात बुडवून मऊ कापडाने टिपून घ्या, चोळू नका. एखाद्याला माळेत ओवण्यासाठी कडी लावलेली असेल तर ती काढायलाही जाऊ नका. कडीसाठी डाग (झाळ) दिलेला रुपया तसाही चांदीच्या भावानेच जातो.

फसवणुकीचे दोन प्रकार सांगून ठेवतो. एक, राम-सीता किंवा मारुती असलेला, ‘ईस्ट इंडिया कंपनी, १८१८’ लिहिलेला तांब्याचा आणा. हे नाणं कंपनीने कधीच पाडलं नाही. ते देवळाबाहेर विकायचं टोकन आहे, आणि त्यात म्हणे तांदूळ ओढून घेण्याची शक्ती असते! या नावाखाली शहाण्यासुरत्या माणसांनी लाखो रुपये घालवलेत. दुसरा, फोनवरून ‘तुमच्या जुन्या नाण्याचे दहा लाख देतो, आधी कमिशन आणि जीएसटी भरा’ म्हणणारे. काही जण रिझर्व्ह बँकेचं नाव सांगतात. रिझर्व्ह बँक जुनी नाणी अशी खरेदी करत नाही, कमिशन घेत नाही. ऑगस्ट २०२१ मध्ये तिने तसा जाहीर इशाराच दिला होता.

आता हे वजन आलं कुठून ते बघू, म्हणजे बाकीचे प्रश्न आपोआप सुटतील.

‘रूप्य’ शब्द फार जुना. पाणिनीच्या सूत्रात त्याचा एक अर्थ ठसा मारलेलं, असा येतो. कौटिल्याने नाणी पारखणाऱ्या अधिकाऱ्याला ‘रूपदर्शक’ म्हटलंय. माझ्या नोकरीचा तो मूळपुरुष. पण आपण ज्याला रुपया म्हणतो ते चांदीचं नाणं सोळाव्या शतकात शेरशाह सूरने नीट बसवलं, सुमारे १७८ ग्रेन (साडेअकरा ग्रॅम) वजनाचं. मुघलांनी ते जसंच्या तसं उचललं. अकबराच्या काळात एका रुपयाला चाळीस तांब्याचे दाम असा हिशोब होता. शिवछत्रपतींनी १६७४ च्या राज्याभिषेकाला सोन्याचा होन आणि तांब्याची शिवराई पाडली. रुपयाचा खरा सुळसुळाट आपल्याकडे झाला तो पेशवाईत. पुण्याचा अंकुशी, चांदवडचा चांदवडी, असे कितीतरी. गमतीचा भाग हा की टांकसाळ मराठ्यांची, पण नाण्यावर फारसीत नाव दिल्लीच्या बादशहाचं. लोकांचा त्या ठशावर विश्वास होता, म्हणून तो चालू ठेवला.

अडचण ही की दर टांकसाळीची चांदी वेगळी. एका पेठेतला रुपया दुसऱ्या पेठेत नेला की सराफ तो हातात घेणार, कानस लावणार, आणि शंभराला काही रुपये कापून घेणार. तो कापलेला भाग म्हणजे बट्टा. नाणं खरं, पण कमअस्सल. आजही आपण ‘घराण्याच्या नावाला बट्टा लागला’ म्हणतो तेव्हा कुठल्यातरी सराफाच्या पेढीवरचाच हिशोब बोलत असतो.

बट्ट्याचा हा कारभार कंपनी सरकारने १८३५ च्या कायद्याने मोडला. सगळ्या मुलखाला एकच रुपया: १८० ग्रेन, म्हणजेच ११.६६ ग्रॅम, बारात अकरा भाग चांदी, वर बादशहाऐवजी इंग्लंडचा चौथा विल्यम. दोनच वर्षं आधी, १८३३ मध्ये, तोळ्याचं वजनही १८० ग्रेन ठरवलं होतं. या कामात कलकत्त्याच्या टांकसाळीतल्या जेम्स प्रिन्सेपचा मोठा हात होता. ब्राह्मी लिपी वाचणारा तोच हा प्रिन्सेप. परिणाम असा झाला की रुपया हेच वजनाचं माप बनलं. एक रुपया म्हणजे एक तोळा, ऐंशी तोळे म्हणजे एक शेर. खेड्यातल्या वाण्याकडे माप नसेल तर तो एका पारड्यात ऐंशी रुपये टाकायचा आणि दुसऱ्यात शेरभर गूळ.

हे आज तुमच्या कामाचं आहे, म्हणून सांगतो. सराफ आता ‘तोळा’ म्हणतो तेव्हा त्याच्या मनात दहा ग्रॅम असतात. तुमच्या आजी तोळा म्हणायच्या तेव्हा त्यांच्या मनात हा ११.६६ ग्रॅमचा रुपया होता. घरात ‘आजीच्या पाच तोळ्यांच्या पाटल्या’ असा उल्लेख असेल आणि त्या पन्नास ग्रॅम भरल्या, तर मधले सव्वाआठ ग्रॅम कुठे गेले यावरून भांडण होण्याआधी कोणता तोळा धरलाय ते विचारा. मी अशा दोन भांडणांत पंच म्हणून बसलोय. एकात सोनं खरंच कमी होतं, दुसऱ्यात फक्त तोळा बदलला होता.

१८९३ पर्यंत कुणीही चांदी घेऊन टांकसाळीत जावं आणि तिचे रुपये पाडून आणावेत अशी सोय होती. तोवर रुपया म्हणजे खरोखर तेवढी चांदी. पण जर्मनीसारखे देश १८७० नंतर सोन्याकडे वळले, जगात चांदीचा भाव कोसळला, आणि दोन शिलिंगांच्या आसपास असणारा रुपया सव्वा शिलिंगापर्यंत घसरला (वीस शिलिंगांचा पौंड, बारा पेन्सचा शिलिंग). सरकारला लंडनची देणी पौंडांत भागवायची होती, त्याचं धाबं दणाणलं. जून १८९३ मध्ये लोकांसाठी टांकसाळी बंद झाल्या आणि पुढे रुपया एक शिलिंग चार पेन्सला बांधून ठेवला. त्या दिवसापासून आतली चांदी कमी किमतीची आणि वरचा आकडा जास्त किमतीचा. रुपया म्हणजे चांदीवर छापलेली नोटच झाला म्हणा. १८८५ चा रुपया हातात घ्या, मग १९०७ चा घ्या. वजन तेच, चांदी तीच, पण दोघांच्या मध्ये १८९३ उभं आहे. या सगळ्या व्यवहाराची सर्वांत कडक चिकित्सा डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लंडनच्या प्रबंधात केली. तो १९२३ साली प्रसिद्ध झाला, आणि ज्याला रुपयाचा इतिहास खरोखर समजून घ्यायचाय त्याला तो टाळता येत नाही.

पहिल्या महायुद्धात उलटं झालं. चांदी इतकी भडकली की रुपया वितळवणं फायद्याचं ठरू लागलं. नाण्यांचा तुटवडा पडला, म्हणून ३० नोव्हेंबर १९१७ ला पहिली एक रुपयाची नोट निघाली, आणि पाठोपाठ १९१८ मध्ये चक्क अडीच रुपयांची. त्याच वर्षी अमेरिकेने कायदा करून आपल्या तिजोरीतले चांदीचे डॉलर वितळवले आणि ती चांदी हिंदुस्थान सरकारला विकली. ही गोष्ट लक्षात ठेवा, शेवटी लागणार आहे. दुसऱ्या महायुद्धात चांदी निम्म्यावर आली, जुने चांगल्या चांदीचे रुपये टप्प्याटप्प्याने चलनातून काढले, आणि १९४७ ला उरलीसुरली चांदीही गेली. आजींनी १९४२-४४ चे फक्त तीन आणि १९१७-१८ चे सात ठेवले, यातही मला त्यांचा हिशोब दिसतो. चांगला रुपया डब्यात, हलका रुपया बाजारात. हे शहाणपण त्या पिढीतल्या बायकांना कुणी शिकवावं लागलं नाही.

आता ‘५ आणे ४ पै’. एक रुपया म्हणजे सोळा आणे, एक आणा म्हणजे बारा पै. (पैसा वेगळा: चार पैशांचा आणा, तीन पैंचा पैसा.) म्हणजे रुपयाच्या पै झाल्या १९२. पाच आण्यांच्या साठ आणि वरच्या चार, मिळून चौसष्ट. १९२ ला ३ ने भागा: चौसष्ट. पणजोबांचा हिस्सा बरोब्बर एक तृतीयांश होता. तीन भाऊ असणार. सातबाऱ्यावर सबंध जमीन म्हणजे एक रुपया धरायचा आणि प्रत्येकाचा हिस्सा आणे-पैंत लिहायचा, अशी पद्धत होती. गट समजा चार एकर वीस गुंठ्यांचा असेल, तर ते झाले १८० गुंठे, आणि ५ आणे ४ पै म्हणजे ६० गुंठे, दीड एकर. त्या तिघांपैकी एकाचे पुढे दोन मुलगे झाले की प्रत्येकाला २ आणे ८ पै; तरीही पूर्णांकात. हेच शंभर पैशांत लिहून बघा. तेहेतीस पूर्णांक तेहेतीस करत बसाल आणि शेवटी पैशाचा शंभरावा भाग कुणाच्याच नावावर चढणार नाही. दशमान पद्धत गुणायला सोपी आहे, पण भावाभावांत वाटायला आणे-पैच बरे होते, हे माझं ठाम मत.

दशमान पैसा १ एप्रिल १९५७ ला आला. शंभर ‘नये पैसे’. आपल्याकडे नवा पैसा. १९६४ मध्ये ‘नया’ गळला आणि नुसता पैसा राहिला. एका आण्याचे सव्वासहा नवे पैसे होत, पाव पैसा तर द्यायचा कुठून? म्हणून कोष्टक छापलं: एका आण्याला ६, दोनाला १२, तिनाला १९, चाराला २५. चार वेळा एकेक आण्याची वस्तू घेतली तर चोवीस पैसे, एकदम चार आण्यांची घेतली तर पंचवीस. आमच्या वडिलांच्या तोंडी त्या काळातली दुकानदाराशी झालेली वादावादी मी इतक्यांदा ऐकलीय की ती मला पाठ आहे. आणा नाण्यातून गेला तरी बोलण्यातून गेला नाही. पावली (चार आणे), अधेली (आठ आणे) म्हणणारे आता कमी झाले, पण पिकाची ‘आणेवारी’ अजून वर्तमानपत्रात येते. सोळा आणे पीक म्हणजे भरघोस, आठ आण्यांच्या खाली म्हणजे हलाखी. सरकारी कागदावर तिची ‘पैसेवारी’ झाली, आठ आण्यांच्या जागी ५० पैसे आले, एवढाच काय तो फरक.

हाली आणि कलदार. आजींचं माहेर निजामाच्या राज्यात, सासर इंग्रजांच्या मुंबई इलाख्यात. निजामाला स्वतःचं नाणं पाडायची मुभा होती. त्याच्या रुपयावर चारमिनार असे. त्याला लोक ‘हाली सिक्का’ म्हणत, म्हणजे सध्या चालू असलेला. इंग्रजांचा यंत्रावर पाडलेला तो ‘कलदार’. कल म्हणजे यंत्र. सात हाली म्हणजे सहा कलदार असा भाव. शंभर कलदार हवे असतील तर ११६ हाली रुपये, १० आणे, ८ पै मोजायचे. आजी माहेरी जाताना आणि परत येताना जिल्ह्याची हद्द ओलांडून नुसत्या दुसऱ्या गावात नव्हे, दुसऱ्या चलनात जात असणार. एकाच मराठीत, एकाच नात्यागोत्यात. हैदराबाद भारतात आल्यावरही हाली लगेच गेला नाही, १९५९ ला पूर्ण बंद झाला. डब्यात एकही हाली नाही यावरून एवढंच म्हणता येईल की माहेरचे पैसे त्यांनी वेळीच बदलून घेतले होते. किंवा खर्च केले होते, त्यांनाच ठाऊक.

आजच्या रुपयाबद्दल तुम्ही विचारलेलं नाही, तरी काउंटरची सवय म्हणून दोन गोष्टी. पंचवीस पैसे आणि त्याखालची नाणी ३० जून २०११ पासून चलनात नाहीत. म्हणजे पूजेचा सव्वा रुपया आता नाण्यांत देताच येत नाही; गुरुजींनी तो सव्वा रुपया केव्हाच अकरावर नेऊन ठेवला. पन्नास पैसे मात्र आजही चालतात, दुकानदार काहीही म्हणो. दहा रुपयांच्या नाण्याचंही तेच. तोवर निघालेले चौदा वेगवेगळे ठसे चौदाही खरे, हे रिझर्व्ह बँकेने २०१८ मध्ये स्पष्ट केलंय. उलट बाजूने, कुणी चिल्लरची गोणी आणून टाकली तर ती घ्यायचं बंधन नाही: २०११ च्या नाणे कायद्याप्रमाणे रुपया आणि वरच्या नाण्यांत एका वेळी हजार रुपयांपर्यंत आणि पन्नास पैशांत दहा रुपयांपर्यंतच.

दहा रुपयांची नोट आणि एक रुपयाची नोट शेजारी ठेवून वाचा. दहाच्या नोटेवर रिझर्व्ह बँकेचा गव्हर्नर धारकाला दहा रुपये ‘अदा करने का वचन’ देतो. एकच्या नोटेवर कुठलंच वचन नाही. ती भारत सरकारची नोट, सही वित्त सचिवाची. कारण ती रुपयाचं वचन देत नाही, ती स्वतःच रुपया आहे. बाकी सगळ्या नोटा कागदावरचा शब्द. रुपया म्हणजे काय ते ठरवायचा मान अजून सरकारच्या नाण्याकडे आणि त्या छोट्या गुलाबी-हिरव्या कागदाकडे. मोबाइलवरून पाठवलेला रुपयाही शेवटी हाच. पैशाचं नाणं हातातून गेलं तरी पेट्रोलचा भाव, विजेच्या युनिटचा दर, शेअरचा भाव अजून पैशांतच बोलला जातो.

राहिला भाऊ. शंभर वर्षांहून जुनं नाणं १९७२ च्या पुरावस्तू कायद्याखाली येतं आणि खासगी माणसाला ते देशाबाहेर नेता येत नाही, मग ते घरचं असो की वाडवडिलांचं. बॅगेत घालून बघू, असं करू नका; विमानतळावर नाणी जातात आणि वर चौकशी लागते. १८८५, १९०७, १९१७-१८ हे दहाही इथेच राहतील. १९४२ पासूनचे चार मात्र अजून शंभरीत आलेले नाहीत, आणि तुम्हाला चारच पाठवायचेत. पुरातत्त्व खात्याकडून ‘पुरावस्तू नाही’ असं प्रमाणपत्र घ्या, सोबत द्या. वाघाचा रुपया त्यात जाईल, तो मुलांना आवडतो. भावाला १९१८ चाच हवा असेल तर त्याला सांगा, त्यातली चांदी कदाचित त्याच्याच देशातून आलेली आहे, पण आता तिला परत जायला बंदी आहे.